सेवियाच्या राजवाड्यावरची अरबी ओळ: स्पेनमधल्या इमारती कोणाच्या?

ओळंबा

गेल्या मार्चमध्ये आम्ही दोघं बारा दिवस दक्षिण स्पेनमध्ये, अंदालुसियात होतो. प्रवासवर्णन लिहीत नाही, ती इथे भरपूर आहेत. मी जुन्या इमारतींच्या दुरुस्तीचं काम करतो आणि वडील आयुष्यभर गवंडीकाम करत आले. त्यामुळे मी गेलो ते विटा, चुना, कमानी आणि सांधे बघायला. बघताना एक गोष्ट मनात पक्की बसली, ती मांडावी म्हणून हा धागा.

सेवियाच्या (इंग्रजीतलं सेव्हिल) राजवाड्याला अल्काझार म्हणतात. आतल्या मोठ्या चौकात उभं राहिलं की समोर पेद्रो राजाच्या महालाची दर्शनी भिंत दिसते. वर, अगदी छपरीच्या खाली, निळ्या-पांढऱ्या फरशांचा एक पट्टा आहे. लांबून ती नक्षी वाटते. नीट पाहिलं की कळतं, ती कोनाकोनांची कुफी अक्षरं आहेत. एकच अरबी वाक्य पुन्हा पुन्हा, सुलट आणि आरशात दिसावं तसं उलट: ‘अल्लाहशिवाय विजेता कोणी नाही.’ शेजारच्या ग्रानादाच्या मुस्लिम राज्याच्या नस्री सुलतानांचं हे बोधवाक्य. आणि त्याच पट्ट्याच्या भोवती गॉथिक अक्षरांत स्पॅनिशमध्ये कोरलंय की हे काम कास्तियाचा राजा डॉन पेद्रो याने करवून घेतलं. साल तेव्हाच्या स्पॅनिश गणनेनुसार १४०२, म्हणजे आपलं १३६४.

पेद्रो ख्रिस्ती होता. सेविया ख्रिस्ती राजांच्या हाती आलं १२४८ मध्ये, म्हणजे त्या गोष्टीला तेव्हा ११६ वर्षं होऊन गेली होती. कोणाची सक्ती नव्हती, कोणाला खूश करायचं नव्हतं. त्याला राजवाडा असाच हवा होता.

मागची गोष्ट अशी. ग्रानादाचा सुलतान मुहम्मद पाचवा १३५९ मध्ये गादीवरून हाकलला गेला. १३६२ मध्ये त्याला गादी परत मिळाली, ती पेद्रोच्या मदतीने. परत आल्यावर त्याने अल्हाम्ब्रात, म्हणजे ग्रानादाच्या राजवाड्यात, सिंहांच्या चौकाचं काम काढलं आणि त्याच सुमाराला इकडे पेद्रोने हा महाल. ग्रानादाचे आणि तोलेदोचे कारागीर सेवियात येऊन राबले. आतल्या भिंतींवर गिलाव्यात कोरलेल्या अरबी मजकुरात पेद्रोचा उल्लेख ‘सुलतान’ असाच आहे.

पुढचं तर मला आणखी विलक्षण वाटलं. १३६९ मध्ये पेद्रोला त्याच्या सावत्रभावाने, एन्रिकेने, ठार मारलं आणि गादी घेतली. पेद्रो मुसलमानांचा आणि ज्यूंचा पक्षपाती आहे, असा प्रचार एन्रिकेने वर्षानुवर्षं केला होता. दोनच वर्षांनी, १३७१ मध्ये, याच एन्रिकेने आपल्या बापासाठी आणि आजोबासाठी कोर्दोबाच्या कॅथेड्रलमध्ये दफनाचं शाही दालन पुरं केलं. ते कसं आहे? खाली रंगीत फरशांचे तारे, वर कोरीव गिलावा, छताला एकमेकींना छेदत जाणाऱ्या कमानी. पेद्रोच्या महालाचं सख्खं भावंड. राजकारणात ज्याला शिव्या दिल्या, तीच तऱ्हा बापाच्या थडग्यासाठी निवडली. कारण त्या काळात उत्तम काम म्हटलं की लोकांच्या डोळ्यांपुढे हेच यायचं.

आता कोर्दोबाची मशीद. पुढे बगदादहून राज्य करणाऱ्या अब्बासींनी ज्याचं घराणं कापून काढलं तो उमय्या राजपुत्र, पहिला अब्दुर्रहमान, जीव वाचवून स्पेनला पोचला आणि ७५६ मध्ये कोर्दोबाचा अमीर झाला. ७८५-८६ च्या सुमाराला त्याने ही मशीद बांधायला घेतली. त्याच्या गवंड्यांकडे खांब होते ते जुन्या रोमन आणि व्हिसिगॉथ (अरबांआधीचे इथले ख्रिस्ती राज्यकर्ते) इमारतींमधले. कोणी काळा, कोणी तांबूस, कोणी गुळगुळीत, कोणी पन्हळीचा, आणि उंची प्रत्येकाची वेगळी. मी एका रांगेत वाकून बघत गेलो. एका खांबाला खाली बैठक आहे, शेजारचा लांब असल्यामुळे बिनबैठकीचा थेट जमिनीत गेलाय. वरची खांबशीर्षंही कमीजास्त जाडीची लावून शेवटी रेघ एक पातळीत आणलीये. हे ज्याने जुळवलं त्याच्या हातात ओळंबा आणि दोरी होती, माझ्या वडिलांच्या हातात असायची तशीच.

पण खांब एवढे बुटके, आणि दालन एवढं मोठं. छप्पर खाली आलं तर आत गुदमरायला होईल. म्हणून त्यांनी खांबावर दगडी स्तंभ चढवला आणि कमानी दोन मजली केल्या. वरची कमान छपराचं वजन घेते. खालच्या कमानीच्या डोक्यावर काहीच नाही, तिच्यावरून आरपार दिसतं. तिचं काम फक्त खांब एकमेकांपासून फाकू नयेत एवढंच, आपण ज्याला टाय म्हणतो ते. वरची भिंत खालच्यापेक्षा जाड आहे, कारण तिच्या माथ्यावरून दोन छपरांमधलं पावसाचं पाणी वाहून नेणारी पन्हळ जायची. वर जाड, खाली बारीक, आणि तरी बाराशे वर्षं उभी. कमानीत एक लाल वीट, एक पांढरट दगड, असं आलटून पालटून आहे. पुढे दहाव्या शतकाच्या अखेरीस कोर्दोबाचा सत्ताधारी वजीर अल-मन्सूर याने पूर्वेकडे जो मोठा भाग वाढवला तिथे कमान सगळी दगडाची आहे आणि लाल पट्टे नुसते रंगवलेले. काम घाईचं होतं हे बघताक्षणी कळतं.

घोड्याच्या नालेसारखी कमान अरबांनी स्पेनला दिली आणि तिथून ती सगळीकडे गेली. तिथल्या मिहराबभोवतीची, म्हणजे प्रार्थनेची दिशा दाखवणाऱ्या कोनाड्याभोवतीची, सोनेरी मोझेकची कमान तर शब्दांत सांगता येणार नाही. ते काम कोर्दोबाचा खलिफा दुसरा हकम याने ९६५ च्या सुमाराला करवलं. त्यासाठी कॉन्स्टॅन्टिनोपलच्या ख्रिस्ती सम्राटाने काचेचे तुकडे आणि सोबत एक जाणकार कारागीर पाठवला होता. म्हणजे मशिदीच्या सगळ्यात पवित्र जागी बायझन्टाइन काम.

आपण इमारतीला धर्माचं नाव लावून मोकळे होतो. इस्लामी वास्तुकला, ख्रिस्ती वास्तुकला. स्पेनमध्ये बारा दिवस भिंती बघून मला वाटतं की राजा बदलला, प्रार्थना बदलली, पण कित्येक पिढ्या गवंडी आणि सुतार तेच राहिले. तिथली वास्तुकला त्यांची आहे.

तुम्हाला काय वाटतं? ज्यांनी बघितलंय त्यांनी जरूर लिहा.

नारिंगी

फार आवडलं. खालच्या कमानीचं काम काय, हे मला आजवर कोणी सांगितलं नव्हतं. दोनदा जाऊन आले, दोन्ही वेळा नुसती ‘किती सुंदर’ म्हणत फिरले.

माझ्याकडून एक छोटी भर. कोर्दोबाला आणि सेवियाला, दोन्हीकडे मशिदीचं जुनं अंगण शिल्लक आहे आणि दोन्ही अंगणांना संत्र्यांचं अंगण म्हणतात, पातियो दे लोस नारान्होस. सेवियात तर मशीद गेली, तिच्या जागी अवाढव्य गॉथिक कॅथेड्रल आलं, पण अंगण राहिलं. झाडांच्या बुंध्यांमधून विटांचे छोटे पाट काढलेत, एका आळ्यातून दुसऱ्यात पाणी जातं. कोकणातल्या बागेत शिंपण सोडतात तसंच, म्हणून मी तिथे बराच वेळ बसून राहिले. आणि स्पॅनिश नारान्हा हा शब्द अरबी नारंजवरून, तो फारसी नारंगवरून आणि त्याच्या मागे आपला संस्कृत नारंग. आयडी घेताना मला हे माहीत नव्हतं!

जुनी_वीट

ओळंबा, लेख उत्तम, मुख्य मुद्द्याशी पूर्ण सहमत. पण एक दुरुस्ती करतो, आणि ती तुमच्या मुद्द्याला बळच देईल.

नालेची कमान अरबांनी आणली नाही. पालेन्सिया प्रांतात सान हुआन दे बान्योस नावाचं एक लहानसं दगडी चर्च आहे. आतल्या शिलालेखानुसार व्हिसिगॉथ राजा रेसेस्विंथ याने ते ६६१ मध्ये बांधलं. अरब सैन्य स्पेनमध्ये उतरलं ७११ मध्ये, म्हणजे हे चर्च त्याआधी ५० वर्षांचं. आणि त्यात नालेच्या कमानी आहेत. फरक मापाचा आहे. व्हिसिगॉथ कमान अर्धवर्तुळाच्या खाली साधारण त्रिज्येच्या एक तृतीयांश उतरते, कोर्दोबाची अर्ध्यापर्यंत जाते, त्यामुळे ती जास्त आवळलेली दिसते. कोर्दोबाच्या गवंड्यांनी स्थानिक कमान उचलली, ताणली, रंग दिला आणि तिला आपली खूण बनवलं.

पुढे ती उलट दिशेने गेली. कोर्दोबाचे काही ख्रिस्ती भिक्षू उत्तरेला लिओनच्या ख्रिस्ती राज्यात गेले आणि त्यांनी सान मिगेल दे एस्कालादाचा मठ उभा केला, ९१३ मध्ये. त्याच्या ओसरीतल्या कमानी कोर्दोबाच्या मापाच्या आहेत. म्हणजे चर्चमधून मशिदीत आणि मशिदीतून परत चर्चमध्ये. अशा ख्रिश्चनांना मोझाराब म्हणतात, अरबी वळणाचे झालेले या अर्थाने.

तोलेदोला गेला असाल तर क्रिस्तो दे ला लूस पाहिलंत का? खोलीएवढी इमारत, एकेका बाजूला जेमतेम आठ मीटर. ९९९ सालची मशीद. बाहेरच्या भिंतीवर विटा पुढेमागे बसवूनच अरबी लेख काढलाय, त्यात बांधणाऱ्याचं नाव आहे, मुसा इब्न अली. गवंड्याचं नाव भिंतीवर, तेही विटांतच! आत नऊ चौकोन आणि नऊ छोटे घुमट, प्रत्येकाच्या फासळ्यांची गुंफण वेगळी. पुढे ख्रिस्ती राजवटीत तिचं चर्च करताना एका बाजूला वेदीचा गोलाकार भाग जोडला. तोही विटांचा, तशाच आंधळ्या (आरपार नसलेल्या, भिंतीवरच उठवलेल्या) कमानींचा. जोड कुठे आहे हे शोधावं लागतं.

ओळंबा

जुनी_वीट, मनापासून आभार. कमानीबद्दल मी चुकीचं लिहिलं होतं. लेखात ते वाक्य तसंच ठेवतो, म्हणजे तुमचा प्रतिसाद कशाबद्दल आहे ते वाचणाऱ्याला कळेल. मापाचा फरक तर मी माझ्या वहीत लिहून ठेवलाय. तोलेदो आमचं राहिलं, आणि हे वाचून त्याची हळहळ वाटते आहे.

रोखठोक

लेख चांगला आहे, पण चित्र जरा जास्तच गोड झालंय असं स्पष्ट सांगतो.

कारागीर तेच राहिले म्हणता, पण त्यांच्यावर काय वेळ आली तेही लिहा. २ जानेवारी १४९२ ला ग्रानादा शरण आलं. तेव्हाच्या तहात मुसलमानांना धर्म पाळायची मुभा होती, दहा वर्षांच्या आत ती गेली. बाप्तिस्मा घ्या नाहीतर चालते व्हा. ज्यांनी घेतला ते मोरिस्को. अल्हाम्ब्रात सुलतानांच्या महालांना खेटून सम्राट पाचव्या कार्लोसने जो महाल उभा केला, बाहेरून चौकोनी आणि आत गोल चौकाचा, त्याचा पैसा बहुतांशी या मोरिस्कोंवरच्या करातून आला. आपल्या रूढी काही काळ पाळता याव्यात म्हणून ते तो कर भरत होते. १५६८ मध्ये त्यांचं बंड झालं, पैसा आटला, काम रखडलं. महालावर छप्पर चढायला विसावं शतक उजाडलं. आणि १६०९ ते १६१४ या काळात मोरिस्कोंना देशाबाहेरच काढलं, सुमारे ३ लाख माणसं. यात गवंडी होते, सुतार होते, कुंभार होते.

कोर्दोबाच्या मशिदीच्या मधोमध जे कॅथेड्रल उभं आहे ते तर तुम्ही वगळूनच टाकलंत. बघताना छातीत चर्र होतं.

जुनी_वीट

रोखठोक, तुमचे मुद्दे बरोबर आहेत आणि ते इथे यायलाच हवे होते. कॅथेड्रलबद्दल मात्र थोडं सविस्तर लिहितो, कारण ती हकीकत एकरंगी नाही.

कोर्दोबा ख्रिस्ती हातात आलं १२३६ मध्ये. तिसऱ्या फर्नान्दोने मशिदीचं चर्च केलं, पण इमारत पाडली नाही. जवळजवळ तीनशे वर्षं त्याच खांबांमध्ये ख्रिस्ती प्रार्थना होत राहिली, मध्ये काही दालनं निघाली इतकंच. १५२३ मध्ये बिशप आलोन्सो मान्रिकेने मधोमध मोठं कॅथेड्रल उभारायचं ठरवलं, तेव्हा विरोध केला तो कोर्दोबाच्या नगरपालिकेने. ख्रिस्ती नगरपालिकेने. जो गवंडी, सुतार किंवा मजूर या इमारतीला हात लावेल त्याला देहदंड, अशी दवंडी पिटली. असं काम परत कोणाला करता येणार नाही, ही त्यांची भावना होती. प्रकरण सम्राटाकडे, म्हणजे याच पाचव्या कार्लोसकडे गेलं आणि त्याने बिशपच्या बाजूने कौल दिला. नंतर प्रत्यक्ष बघितल्यावर त्याला पश्चात्ताप झाला अशी आख्यायिका आहे. ती तिथे प्रत्येक जण सांगतो.

काम हेर्नान रुइसकडे आलं, मग त्याच्या मुलाकडे, मग नातवाकडे. तिघांचं नाव एकच. पुरं व्हायला १६०७ उजाडलं. छातीत चर्र होतं हे खरं, मलाही झालं. पण एक बघा. रुइसने कॅथेड्रलच्या उंच भिंतींमध्ये जुन्या कमानी जपून गोवल्यात, आणि बाकी शेकडो खांब जागेवर ठेवलेत. आज साधारण ८५० उभे आहेत. मध्ये कॅथेड्रल नसतं तर ही इमारत चर्च म्हणून टिकलीच नसती, असं मानणारे अभ्यासक आहेत. सेवियाची मशीद नाही टिकली. १४०१ मध्ये तिथल्या धर्ममंडळाने ती उतरवून नवं कॅथेड्रल बांधायचा निर्णय घेतला.

विध्वंस एकाच बाजूने झाला असंही नाही. ९९७ मध्ये अल-मन्सूरने सान्तियागो दे कोम्पोस्तेला लुटलं, चर्च पाडलं आणि तिथल्या घंटा ख्रिस्ती कैद्यांच्या खांद्यावरून कोर्दोबाला आणल्या. मशिदीत त्यांचे दिवे केले, असं जुन्या इतिवृत्तांत लिहिलंय. १२३६ मध्ये फर्नान्दोने त्याच घंटा मुसलमान कैद्यांच्या खांद्यावर देऊन परत पाठवल्या. दोन्ही वेळा ओझं वाहिलं ते हरलेल्या बाजूच्या साध्या माणसांनी.

रोखठोक

नगरपालिकेची दवंडी माहीत नव्हती. ही माहिती मोलाची आहे, धन्यवाद. माझं म्हणणं एवढंच की सौंदर्याबरोबर हेही सांगितलं जावं. तुम्ही दोघंही ते टाळत नाही आहात, तेव्हा माझी तक्रार नाही.

माद्रिदकर

माद्रिदमध्ये नऊ वर्षं राहतोय, धागा बघून राहवलं नाही.

हिराल्दाबद्दल कोणी लिहिलं नाही म्हणून लिहितो. सेवियाचा हा मनोरा म्हणजे मुवाहिदून (मोरोक्कोहून आलेलं मुस्लिम घराणं) राजवटीतल्या मशिदीचा मिनार. काम ११८४ मध्ये सुरू, ११९८ मध्ये पुरं. पाया घालणारा अहमद इब्न बासो, वरचं विटांचं काम अली अल-घुमारीचं. तळाला जुने रोमन दगड घातलेत, कोपऱ्यावर लॅटिन अक्षरं अजून वाचता येतात. माथ्यावर सोनेरी मुलाम्याचे चार गोळे होते, ते चौदाव्या शतकातल्या भूकंपात कोसळले. मग १५५८ ते १५६८ या दहा वर्षांत दुसऱ्या हेर्नान रुइसने (वर आलाय तोच मधला) त्यावर घंटाघर चढवलं. खाली विटांची जाळीदार नक्षी आणि वर रेनेसान्स. एकूण उंची १०४ मीटरच्या आसपास. सांधा उघड दिसतो आणि तरी दोन्ही एकमेकांची वाटतात. मला तर हा मनोरा बघितला की काही स्पष्टीकरण लागतच नाही.

आत पायऱ्या जवळजवळ नाहीतच. ३५ उतरणी आहेत, मनोऱ्याच्या आत चौकोनी फिरत वर जाणाऱ्या. बांग देणाऱ्याला घोड्यावरून वर जाता यावं म्हणून तसं केलं म्हणतात. गेल्या वर्षी आई आली होती, गुडघ्यांचा त्रास, कुतुबमिनारसारख्या पायऱ्या असतील म्हणून घाबरत होती. प्रत्येक वळणावरच्या खिडकीत टेकत टेकत अगदी वरपर्यंत पोचली.

शहर शरण येत असताना मिनार पाडून टाकण्याची परवानगी मुसलमानांनी मागितली होती, परक्याच्या हाती जाऊ नये म्हणून. तेव्हाच्या राजपुत्राने, पुढच्या दहाव्या आल्फोन्सोने, बजावलं की एक वीट जरी हलली तरी एकही माणूस जिवंत सोडणार नाही. ख्रिस्ती इतिवृत्तातली हकीकत आहे. दोन्ही बाजूंचा जीव त्या विटांमध्ये किती अडकला होता, ते यातून कळतं.

केशरी_फेटा

वाचतोय. एक अगदी प्राथमिक प्रश्न. मोझाराब कळलं, मोरिस्को कळलं. ‘मुदेहार’ हा शब्दही सगळीकडे दिसतो, त्याचा अर्थ काय?

जुनी_वीट

ख्रिस्ती राजवटीत आपला धर्म पाळून राहिलेले मुसलमान म्हणजे मुदेहार. अरबी ‘मुदज्जन’वरून, ज्याला राहू दिलंय किंवा माणसाळवलंय असा. शब्दात अपमान आहे हे लक्षात घ्या. वास्तुकलेच्या संदर्भात तो वापरला होसे आमादोर दे लोस रिओस याने, १८५९ मध्ये. पुढे मुदेहार तऱ्हेची कामं ख्रिस्ती आणि ज्यू लोकही करवून घ्यायचे आणि करणारेही सगळे मुसलमानच असायचे असं नाही. तोलेदोचं एल त्रान्सितो सिनेगॉग पेद्रोच्या ज्यू खजिनदाराने, सामुएल हा-लेवीने बांधलं. तिथे एकाच भिंतीवरच्या गिलाव्यात हिब्रू आणि अरबी दोन्ही अक्षरं आहेत.

गोंयकार

फरशीकामाचा विषय निघालाच आहे म्हणून गोव्यातून लिहितो. पणजीत फोंताइन्यासमध्ये घरांवर आणि गल्ल्यांच्या तोंडाशी ज्या निळ्या-पांढऱ्या नावाच्या फरशा दिसतात, त्यांना आम्ही आझुलेज म्हणतो. लोक समजतात, पोर्तुगीज आझुल म्हणजे निळा, त्यावरून आझुलेज. तसं नाही. मूळ अरबी शब्द ‘अझ्झुलैज’, म्हणजे चकाकी दिलेली घासलेली फरशी. अंदालुसियातून ही कला पोर्तुगालमध्ये गेली. सिन्त्राच्या राजवाड्यात सोळाव्या शतकाच्या आरंभी लावलेल्या फरशा सेवियाहून आणलेल्या आहेत. आणि पोर्तुगालमधून शब्द आमच्याकडे आला. स्पॅनिशमध्ये गवंड्याला आल्बान्यिल म्हणतात, तोही अरबी ‘अल-बन्ना’वरूनच, असं ऐकून आहे. माद्रिदकर सांगू शकतील.

माद्रिदकर

बरोबर. बांधकामातले रोजचे शब्द काढले तर अरबी नसलेला शब्द शोधावा लागेल. गच्चीला आसोतेआ, पाण्याच्या टाकीला आल्हिबे, कच्च्या विटेला आदोबे, जुन्या काळच्या मुकादम मिस्त्रीला आलारिफे. सगळे तिकडचे. आमच्या इमारतीत ओल आली होती तेव्हा कामावर आलेला आल्बान्यिल दिवसभर हेच शब्द बोलत होता. त्याला सांगितलं तेव्हा तो म्हणाला, आजोबांपासून असंच म्हणतो.

सागवान

विटांबद्दल एवढं झालं, लाकडाची बाजू मी घेतो. आमचं घराणं सुतारांचं.

अल्हाम्ब्रात सगळे सिंहांच्या चौकात गर्दी करतात. माझं म्हणणं, कोमारेसच्या दरबारात जाऊन भिंतीला पाठ लावून वर बघा. ते छत देवदाराच्या वगैरे ८००० हून जास्त तुकड्यांचं आहे. सात थरांत तारे, सात स्वर्गांचे. एकही तारा कोरलेला नाही, सगळे जुळवलेले. अशा कामासाठी तिथले सुतार लाकडी त्रिकोणी गुणे वापरायचे. ताऱ्याला टोकं किती हवीत त्यावरून कुठले गुणे घ्यायचे ते ठरायचं. कागदावर आकडेमोड नाही, गुण्या फिरवत जायचं आणि रेघा आपोआप भेटतात.

ग्रानादा पडल्यावर हे ज्ञान लयाला गेलं का? नाही. १५२७ च्या सेवियाच्या नियमावलीत सुतारांच्या परीक्षेच्या पायऱ्या आहेत, आणि वरच्या पायरीवर हेच ताऱ्यांचं गुंफणकाम करून दाखवावं लागायचं. ख्रिस्ती शहर, ख्रिस्ती संघ, आणि उस्ताद व्हायचं तर हे यायलाच हवं. इथूनच ते समुद्रापार गेलं. इक्वादोरमध्ये कितोच्या सान फ्रान्सिस्को चर्चचं छत बघा.

आता माझी सगळ्यात लाडकी जागा. तेरुएल, आरागॉनमध्ये. अंदालुसियात फिरणारे तिकडे वळत नाहीत. चार मुदेहार मनोरे आहेत, विटांचे, मधे हिरव्या-पांढऱ्या चकाकत्या फरशा जडवलेले. सान मार्तिनचा मनोरा तर मनोऱ्याच्या आत मनोरा आहे आणि दोन्हींच्या मधल्या पोकळीत जिना, मिनारात असतो तसा. बाहेरून बघाल तर चर्चचं घंटाघर. खालून रस्ता जातो, मनोऱ्याच्या पोटातून.

आणि तिथल्या कॅथेड्रलचं छत. तेराव्या शतकातलं, ३२ मीटर लांब, सगळं रंगवलेलं. मधे बराच काळ त्याच्याखाली नवं छत घालून ते झाकून टाकलं होतं, म्हणूनच रंग टिकले. त्यावर राजे आहेत, सरदार आहेत, संत आहेत, कल्पनेतले प्राणी आहेत, आणि त्यांच्यामध्येच सुतार आहेत. काम करताना. हातात हत्यार, पुढ्यात लाकूड. खाली उभं राहून ते दिसत नाही, खूप उंच आहे. मी दुर्बीण नेली होती. सापडला तेव्हा मानेला रग लागली होती, पण नजर हटवता येईना. छत करणाऱ्यांनी छतावर आपल्याला काढलं होतं.

नारिंगी

सागवान, तेरुएलला जायचं कसं? बार्सिलोनाहून एका दिवसात होईल का?

माद्रिदकर

एका दिवसात नको. सारागोसाला मुक्काम करा, तिथे अकराव्या शतकातला अल्हाफेरिया राजवाडा आहे. मुस्लिम राजांचा, मग ख्रिस्ती राजांचा, आणि आता तिथे आरागॉनची विधानसभा भरते. तो बघा आणि दुसऱ्या दिवशी तेरुएल, सारागोसाहून गाडी आहे. आणि अल्हाम्ब्राचं तिकीट आधी काढा. नस्री महालांना आत जायची वेळ तिकिटावर छापलेली असते, ती चुकली तर सोडत नाहीत.

ओळंबा

सागवान, काल रात्री तुमचा प्रतिसाद वडिलांना मोठ्याने वाचून दाखवला. ते आता फारसं बोलत नाहीत. आधी कोर्दोबाच्या खांबांचे फोटो टीव्हीवर लावले होते, तेव्हा नुसतं बघत होते. बिनबैठकीचा खांब आला तेव्हा थांबवायला सांगितलं, जवळ जाऊन बोट लावलं आणि म्हणाले, “इथे त्याने खड्डा आधी घेतलाय, नंतर खांब उतरवलाय.” मग छतावरच्या सुतारांचं वाचलं. त्यांनी विचारलं, “त्यात गवंडी आहे का कोणी?”

दुर्बीण घेऊन गेलेल्या माणसालाच विचारतो. आहे का?

सागवान

मी सुतारच शोधत होतो, गवंड्याकडे लक्ष दिलं नाही. ऑक्टोबरमध्ये परत जाणार आहे. बघतो आणि इथेच कळवतो. त्यांना नमस्कार सांगा.